पाय माझे, नवस आत्याचे

लुके, ऑक्टोबरअखेर

तीर्थरूप हेनोवेवा आत्या,

दोन्ही हात जोडून तुझा आशीर्वाद मागतो. (हात जोडले की पेन धरता येत नाही, म्हणून एवढ्या एका वाक्याला बराच वेळ लागला.) तू कशी आहेस, कोंबड्या अंडी देतात का, शेजारच्या फेलिसाबाईंशी बोलणं सुरू झालं का, ते कळव. मी मजेत आहे. सुनिल्दाने फोनवर बजावलंय, "दादा, आईच्या खुब्याच्या ऑपरेशनचा विषय काढलास तर ती पत्र चुलीत घालेल. डॉक्टर म्हणतात, आत्ता केलं तर चालेल-फिरेल, नाहीतर कायमची खुर्चीत. पण ती म्हणते, माझ्या अंगात लोखंड नको." तेव्हा तो विषय मी अजिबात काढणार नाही. हे पत्र निव्वळ कृतज्ञतेचं आहे.

गेल्या रविवारी फुटबॉल क्लबाने मला निरोप दिला आणि भिंतीवरचं घड्याळ दिलं. (माणसाला कुठेच वेळेवर पोचायचं उरत नाही, तेव्हा नेमकं घड्याळ देतात.) अध्यक्ष भाषणात म्हणाले, "आपल्या या फाटकाने स्वतःच्या पायांवर नाव कमावलं." मला सगळा देश फाटक म्हणतो हे ठीक आहे, चेंडू पलीकडे जाऊ द्यायचा नाही हेच तर माझं काम. पण 'स्वतःच्या पायांवर' हे ऐकून मला उठून सांगावंसं वाटलं, की साहेब, हे पाय आमच्या आत्याने केव्हाच काकुपेच्या चर्चमधल्या मातेकडे गहाण टाकलेत, मी नुसते वापरायला घेतले होते.

आठवतं का, पहिल्यांदा माझा घोटा सुजला तेव्हा तू नवस बोललीस, की पोरगा बरा झाला तर आठ डिसेंबरच्या उत्सवाला आपल्या पिरायूहून काकुपेपर्यंत अनवाणी चालेल. घोटा चार दिवसांत बरा झाला आणि त्या तापलेल्या रस्त्याने तळपायांचं जे झालं ते महिनाभर पुरलं. मग राजधानीच्या क्लबाने निवडावं म्हणून तू डोक्यावर वीट घेऊन चालायचं बोललीस. (डोकं अर्थात माझं.) क्लबाने निवडलं, पण मान अशी आखडली की पहिल्या सामन्यात मी फक्त उजवीकडूनच येणारे खेळाडू अडवू शकलो. नशिबाने त्यांचा उजवा आघाडीपटू आळशी होता. पुढे चिलीत गुडघ्याचं ऑपरेशन झालं, तर तू घरी बसून शेवटचा चढ गुडघ्यांवर चढायचं कबूल करून मोकळी! तिथल्या सर्जनला मी हे सांगितलं तेव्हा तो गरीब माणूस खुर्चीत बसला आणि त्याने माझ्याकडेच पाणी मागितलं. मी तुला फोन करून म्हटलं, "आत्या, निदान दुसऱ्या गुडघ्यावर चाललं तर?" तू म्हणालीस, "मातेला दिलेला शब्द आहे. पाय कुणाचे, गुडघा कुठला, असले सौदे तिच्याशी करायचे नसतात." आणि मला चढवलंस.

त्याच चढावर मला लेस्कानो भेटला होता, तू तेव्हा थोडी पुढे गेली होतीस म्हणून तुला तो ओळखू आला नाही. हो, तोच आघाडीपटू, ज्याच्यामागे मी उभ्या कारकिर्दीत धावलो आणि ज्याने माझ्या नाकाचा आकार बदलला. डोक्यावर दगड घेऊन घामाघूम होऊन चालला होता. मी विचारलं, "तू रे इथे कसा?" तो म्हणाला, "आईने नवस केला होता." मी म्हटलं, "गोलसाठी?" तर म्हणे, "छे! फाटकाच्या हातून माझ्या पोराचा पाय शाबूत राहू दे, म्हणून." मग आम्ही दोघे कडेला बसलो, चीज घातलेल्या एकाच चिपा-पावाचे दोन तुकडे करून खाल्ले, आणि आपापल्या घरच्या बायकांना मनसोक्त नावं ठेवली.

पण आत्या, आता खरं सांगतो. बचावपटूचे आभार कुणी मानत नाही. गोल वाचला तर गोलरक्षकाचं कौतुक, नाही वाचला तर आपल्या आईचा उद्धार. रेडिओवर सामना लागला की तू आवाज बारीक करून स्वयंपाकघरात जायचीस आणि शेवटी सुनिल्दाला एकच विचारायचीस, "उभा आहे ना तो?" कोण जिंकलं, हे तू आजवर विचारलेलं नाहीस. शिवाय नवसात कधी तुझे पाय नव्हते, तरी दर खेपेला तू माझ्या शेजारून, त्या झिजलेल्या चपला घालून, काखेत तेरेरेचा थर्मास घेऊन अख्खी वाट चाललीस. दर वळणावर गार तेरेरेचा पेला हातात द्यायचीस आणि म्हणायचीस, "रडतोस काय, आलंच." चढ तेव्हाही बराच शिल्लक असायचा. आई गेल्यावर मी तुझ्या दारात आलो तो धड चालता न येणारा होतो. मी उभा राहिलो तो तुझ्यामुळे. हे मला त्या घड्याळाच्या कार्यक्रमात सर्वांसमोर म्हणायचं होतं, पण मी नुसतं घड्याळ छातीशी धरून उभा राहिलो आणि लोकांना वाटलं मला घड्याळ फार आवडलं.

सर्वांना नमस्कार. कोंबड्यांना सांभाळ.

तुझा,
आनास्तासियो

ता.क. घड्याळ तुझ्याकडे पाठवतोय. फेलिसाबाईंना दिसेल असं लाव.

ता.क. २. ऑपरेशनचा विषय पत्रात काढणार नाही म्हणालो होतो, ताज्या कलमाचं काही बोललो नव्हतो. परवा मी काकुपेला जाऊन आलो, बसने. मातेपुढे उभा राहिलो आणि बोलून गेलो, की आत्याचं ऑपरेशन सुखरूप होऊ दे, पुढच्या वर्षीच्या उत्सवाला ती पिरायूहून तुझ्यापर्यंत स्वतःच्या पायांनी चालत येईल. तुला विचारलं नाही हे खरं. पण मातेला शब्द गेलाय, आणि पाय कुणाचे हे तिच्याशी बोलायचं नसतं. सोमवारी सकाळी गाडी घेऊन येतो, पिशवी भरून ठेव.

ता.क. ३. रडू नकोस. थर्मास या खेपेला मी घेईन.