नदीवर कशी जाते ते

प्रिय ताई,

नाई म्हणशील तू, मले माहीत आहे. पण आता तरी कबूल कर ना, त्या दिवशी तुले माझा राग आला होता. एक शिवी तरी द्यायची होती! तू काही बोललीच नाई, अन् मी इतकी वर्षं तेच डोक्यात घेऊन फिरून राह्यलो.

इथी आंध्रात बोअरच्या गाडीवर आहो. आज या गावात, उद्या त्या. काल मायचा फोन आला, म्हणून लिहून राह्यलो.

दवाखान्यातला तो बोर्ड आठवते? टेबलामागं तीन डॉक्टर. डी.एड.ले अपंगाच्या जागेवर नंबर लागाले सर्टिफिकेटात चाळीस टक्के पाहिजे, हे मले कुठी माहीत होतं? मले वाटलं, पोरगी पाहाले बसले आहेत. घरी पाहुणे आले की माय तुले आधीच खाटेवर बसवे, पायावर चादर टाकून. डॉक्टरनं विचारलं, चालता येते का? तुझ्या आधी मीच बोललो. साहेब, नदीवरून पाण्याचा गुंड भरून आणते, तेंदूपत्त्याले डोंगरावर जाते, कोणाले ऐकत नाई!

त्यांनी पस्तीस लिहिले. कॉलेजनं यादीतून नाव काढून टाकलं.

त्या दिवशी दवाखान्याबाहेर येऊन तू मले चहा पाजला. चहा!

मग तू नागपूरले, कोर्टात. गाव हसलं, लंगडी सरकारशी भांडाले चालली म्हणे. तुले फुकटातला वकील भेटला. तो म्हणाला, भाऊ अडाणी आहे, खोटं बोलला, असं लिहून देऊ. मी म्हटलं, सही कुठी करू ते सांगा. तू नाई म्हणाली. काऊन, ते मले तवा समजलं नाई.

जजसाहेबानं बोर्डाचा कागद वाचून तुलेच विचारलं, भाऊ म्हणतो तू नदीवर जाते, खरं का? तू मांडीवर हात दाबून उभी राह्यली.

"खरं आहे साहेब. भाऊ खोटं नाई बोलला. मी नदीवर जाते. कशी जाते, ते कोणी विचारलं नाई."

अन् तू चालून दाखवलं. दारापासून टेबलापर्यंत, दर पावलाले हातानं गुडघा मागं रेटत. ताई, मी जलमभर तुझ्यासोबत चाललो, पण तुले चालताना त्या दिवशी पहिल्यांदा पाह्यलं. जंगलात अस्वल समोर उभं राह्यलं तवा जसा अंगावर काटा आला होता, तसाच आला.

साहेबानं जागा रिकामी ठेवाले लावली. पुन्हा बोर्ड बसला. अठ्ठेचाळीस!

एवढ्या कोर्टाले न हरलेली तू, तीन वर्षं शाळा शिकवून मलेरियाच्या तापात गेली. मले निरोप काऊन नाई धाडला?

आता मायचा फोन. तुझ्या वर्गातली लता, उजवा हात बारीक असलेली, जिले तू डाव्या हातानं लिहाले शिकवलं, ती बारावी पास झाली. पुढच्या महिन्यात सर्टिफिकेटासाठी दवाखान्यात तिचा बोर्ड आहे. तिचा बाप म्हणे, देव्याले बोलवा, त्याले कोर्टाचं सगळं समजते. मले! हसू नको. अन् तो आतापासूनच गावभर सांगून राह्यला, माझी पोरगी एका हातानं धान रोवते.

मी येतो ताई. सरळ दवाखान्यातच येतो. त्याले बाहेर टपरीवर बसवतो अन् आत लतालेच बोलू देतो. मी तोंड उघडणार नाई. उघडलंच तर एवढंच म्हणीन, साहेब, कशी रोवते ते विचारा.

तुझा,
देव्या

ता.क. मायच्या नावानं आज मनिऑर्डर केली. लताचा फॉर्म, फोटो, दोघांचं गाडीभाडं, अन् बापाचा चहा धरून, सहाशे दहा रुपये.