आईची चाल कुणाच्या हाती

मी, पूनम मायाप्पा मेटकरी, वय ४७, राहणार जुळे सोलापूर, धंदा प्रायोगिक फिल्म बनवणे (वकीलबाईंनी 'घरकाम' लिहिलं होतं, ते मी खोडलं), डोकं ठिकाणावर असताना आणि कुणाच्याही दडपणाखाली नसताना लिहून ठेवते. सोमवारी हृदयाचं ऑपरेशन आहे. बसून लिहा म्हणतात, मला बसवत नाही.

१. माझी दोन खोल्यांची सदनिका भाऊ बापूसाहेब याची मुलगी संस्कृती हिला. पांढऱ्या भिंतीवर मी फिल्म दाखवते. तिथे टीव्ही टांगलास तर बघ.

२. ट्रायपॉड बापूसाहेबला. मी तो कधी वापरला नाही, त्यावर टॉवेल वाळवले. त्याला मात्र चित्र हललेलं खपत नाही.

३. आता मुद्द्याचं. आमची आई गोजाबाई सांगोल्याकडच्या माळावर मेंढरं घेऊन निघाली, तेव्हा मी कॅमेरा तिच्या कमरेला बांधला आणि मागून चालत राहिले. त्या फिल्मचं नाव 'आईची चाल'. पडद्यावर आई नाही. तिच्या पावलांनी हलणारा माळ आहे, मेंढरांच्या पाठी आहेत, तिचा श्वास आहे. तिच्या वर्षश्राद्धाला दाखवायची म्हणून बापूसाहेबने ती मागितली, मी विश्वासाने प्रत दिली. त्याने ती शेवटपर्यंत न बघताच लग्नाची शूटिंग करणाऱ्याकडे नेली! त्या पठ्ठ्याने हलणं काढलं, आवाज बंद करून बासरी घातली आणि कोपऱ्यात आईचा हार घातलेला फोटो चिकटवला. मांडव रडला. मी भडकले, तर हा चारचौघांत म्हणतो, "आगं, आय कुटं दिसतीय ह्यात? लोकांनी काय मेंढरांच्या पाया पडायचं व्हय?" तेव्हापासून आमचं बोलणं बंद आहे.

सबब, मूळ फिल्मची एकुलती एक हार्ड डिस्क माझे ध्वनिमुद्रक मित्र विरुपाक्ष बिराजदार यांना. बापूसाहेबच्या हाती ती पडता कामा नये.

४. कलम ३ मधली देणगी रद्द. वकीलबाईंनी कपाळाला हात लावला आहे, लावू देत.

कलम ३ लिहून झालं आणि जीव थाऱ्यावर राहीना. खोलीत येरझाऱ्या घातल्या, मग फिल्म लावली. शेवटाकडे आई धापा टाकत थांबते आणि मागे न बघता मला विचारते, "बापू जेवला असंल का गं?" मी हे कितीदा तरी ऐकलंय. त्याने एकदाही ऐकलेलं नाही. त्याच्या प्रतीत तिथे बासरी वाजते.

हार्ड डिस्क बापूसाहेबला. कापाकापी करायची नाही, आवाज चालू ठेवायचा.

५. विरुपाक्षला आता काहीच मिळत नाही, त्यामुळे तो साक्षीदार म्हणून चालतो, असं वकीलबाई म्हणतात. त्याची तक्रार नाही.

लिहून देणार : पूनम मायाप्पा मेटकरी (सही)
साक्षीदार : विरुपाक्ष बिराजदार (सही), रंभाबाई म्हेत्रे, शेजारीण (सही)
सोलापूर, १४ जून २०२५

ता. क. बापू, बघायला बसशील तेव्हा आधी जेवून घे.