बेचाळिसावं घर

४ मार्च

तीन नंबरच्या मैदानात पिवळ्या रेघा उठल्या आहेत!

आठ दिवस पाणी तोडलं होतं, मुद्दाम. मुळं खोल जावीत म्हणून. बाकी चार मैदानं सारखीच मलूल झाली. हे मात्र चौकटीचौकटींनी वाळलंय. कीड नाही, रोग नाही, मुळं धडधाकट. साहेबांना दाखवलं. "बाई, राष्ट्रीय फुटबॉल केंद्र आहे हे, बुद्धिबळाचा पट नाही. दहा दिवसांवर पाहणी आलीय." जणू मीच रात्रीतून आखल्यात! गवताची प्रमुख म्हणजे गवताच्या सगळ्या पापांची धनीण.

५ मार्च

ड्रोनने वरून फोटो घ्यायला लावला. बघितला, पुन्हा बघितला.

घरं आहेत. गल्ल्या. भिंती. दारांच्या फटीसुद्धा.

इथे जुनी वसाहत होती. पंचेचाळीस वर्षांपूर्वी तळं बांधायचं म्हणून उठवली, वर माती लोटून सपाट केली. तळं काही झालं नाही. भिंतींचे दगड खाली तसेच आहेत, दगडावर ओल टिकत नाही, म्हणून तिथलं गवत आधी वाळतं. साधं कारण आहे. लिहून ठेवते, वाचून बरं वाटेल.

आत्या त्याच वसाहतीतली. आई गेल्यावर तिनेच मला वाढवलं, पण त्या जागेबद्दल कधी अवाक्षर नाही. आज मी तिथे काम करते तरी नाही.

६ मार्च

फोटो मोठा करून घरी नेला. वाटलं होतं आत्या चिडेल. पण चष्मा लावून चक्क बसली! बोट फिरवत गेली — हा शिंपी, हा गवंडी, ही दोन बहिणींची जोडघरं. "आणि हे आपलं. म्हणजे आमच्या स्वयंपाकघरातून कॉर्नर मारणार होय गं तुमच्या पोरी?" किती वर्षांनी अशी खळखळून हसली.

एक्केचाळीस घरं तिने नावानिशी मोजली. फोटोत बेचाळीस आहेत.

शेवटच्या गल्लीच्या टोकाला, उत्तरेकडच्या गोलपासून वीस पावलांवर. "हे कुणाचं?"

"तिथे घर नव्हतं."

"अगं, रेघा दिसतायत—"

"नव्हतं म्हटलं ना!"

चष्मा काढून मांडीवर ठेवला. जेवली नाही.

९ मार्च

तीन दिवस पाणी सोडलं. रेघा गेल्या. साहेब खूश.

१४ मार्च

पाहणी झाली. पास! पाचही मैदानं.

१७ मार्च

मुलींचा राष्ट्रीय संघ परवा राहायला आला. तीन दिवस तीन नंबरवर सराव चाललाय. त्यांच्या बनियनमध्ये पाठीवर छोटं यंत्र असतं — कोण कुठून किती धावली, सगळं नोंदलं जातं. ते बघणाऱ्या मुलाला सगळे आकडेवाला म्हणतात. आज तोच माझ्या खोलीत आला. "ताई, इथे जमीन खराब आहे का?"

स्क्रीनवर तेवीस मुलींच्या धावण्याच्या रेघा. मैदानभर नुसता गुंता, सुतळीचा गुंडा सुटल्यासारखा. आणि उत्तरेच्या गोलपुढे एक रिकामी चौकट. स्वच्छ. तीन दिवसांत एकीनेही तिथे पाऊल टाकलेलं नाही.

गवत एकसारखं हिरवं आहे. रेघ नाही, खूण नाही. आणि मुलींना फोटो कुणी दाखवलेला नाही!

१८ मार्च

गोलकीपरला सहज विचारलं. मोठी दांडगी पोर, कशाला भिणारी नाही. ती आधी हसली. मग म्हणाली, "काही नाही हो, वळसा पडतो आपोआप. कुणाच्या अंगणातून कसं आपण न विचारता जात नाही, तसं."

दुपारी सगळे जेवायला गेल्यावर मी स्वतः गेले. माती मऊ, गवत ताठ, सगळं उत्तम. चौकटीच्या आत जायचं म्हणून सरळ चालत निघाले. थांबले तेव्हा गोलच्या जाळीपाशी होते आणि बुटांचे ठसे मागे वळून बघितले — माझेही वळसा घेऊन गेलेले.

१९ मार्च

आत्याला सांगितलं. भिंतीकडे बघत बोलली, एकदाही न थांबता.

त्या घरात नवरा-बायको राहायचे. त्याला ऐकू येत नसे. विहिरीच्या भांडणात त्यांनी वसाहतीविरुद्ध खरं सांगितलं, म्हणून दोघांना वाळीत टाकलेलं. दोन वर्षं कुणी बोललं नव्हतं. मग हुकूम आला — उद्या सकाळी गाड्या येणार, लगेच माती लोटणारी यंत्रं. आजोबा आत्याला म्हणाले, काही झालं तरी जा, त्या दोघांनाही सांगून ये. ती एकोणीस वर्षांची.

"कोपऱ्यापर्यंत गेले. ती बाई दारात धान्य निवडत होती. मला बघून हसली गं! दोन वर्षांत त्या गल्लीत कुणी पाय टाकला नव्हता. तिला वाटलं, मी तिच्याकडे बसायला आलेय. मला कुणी बघेल याची लाज वाटली. परत फिरले. घरी म्हटलं, सांगितलं."

सकाळी सगळे ट्रकमध्ये चढले. ते दोघं नव्हते. कुणी विचारलं नाही. नव्या जागी घरं वाटताना मोजणी झाली, तेव्हा सगळे एका सुरात म्हणाले — एक्केचाळीस. आमची एक्केचाळीसच होती.

मला तिचा हात धरावासा वाटला. धरला नाही. का, ते माहीत नाही.

२१ मार्च

साहेबांशी कडाक्याचं भांडण. "पास झालेलं मैदान खणायचं? वेड लागलंय तुम्हाला?" मी लेखी दिलं — या मैदानाखाली माणसं असण्याची शक्यता आहे, सराव थांबवावा. खाली सही केली. आता कागद आहे म्हटल्यावर त्यांचा चेहराच उतरला. नोकरी जाईल बहुतेक. जाऊ दे.

संघाच्या प्रशिक्षक बाई शांतपणे एवढंच म्हणाल्या, "खणा. माझ्या पोरींनी केव्हाच सांगितलंय."

२३ मार्च

खणलं. पोलीस होते, डॉक्टर होते. हिरवळ मी स्वतः कापून गुंडाळून ठेवली.

हातभर खाली भिंत लागली. मग जमीन, नीट सारवलेली. चूल. कोपऱ्यात भांडी, एकावर एक. सुपात काळे पडलेले दाणे.

माणसं नाहीत. एक हाड नाही. संध्याकाळपर्यंत चाळून बघितलं.

धावत घरी आले. "आत्या, सुटलीस! गेले होते ते. वेळेवर गेले!" वाटलं, रडेल, देवाला हात जोडेल. ती म्हणाली, "सूप तसंच ठेवून? भांडी ठेवून?" मग म्हणाली, "त्यांना अजून कुणी सांगितलेलंच नाही."

२५ मार्च

खड्डा भरला, हिरवळ पुन्हा बसवली. आत्या हट्टाने माझ्याबरोबर आली. इस्त्रीची साडी, केस नीट विंचरलेले, कुणाकडे पहिल्यांदा जाताना असतं तसं. मला कडेला थांबायला सांगितलं. मैदानात सरळ चालत गेली, मध्येच डावीकडे वळली, मग उजवीकडे. तिथल्या गल्ल्या तिच्या पायांना पाठ होत्या. गोलपुढे थांबली. ओठ हलत होते. मान हलवली. पुन्हा काहीतरी बोलली, जरा मोठ्याने, ऐकू कमी येणाऱ्याशी बोलावं तसं.

पंधरा मिनिटांनी परत आली. "सांगितलं," म्हणाली.

येताना गाडीत माझ्याशेजारी पुढे बसली. एरवी मागे ऐसपैस बसते. मी विचारलं तर नुसती हसली.

२६ मार्च

आकडेवाला पळतच आला. स्क्रीनवर चौकट नाही! मुली सगळीकडून धावल्यात, गोलपुढून तर सर्वात जास्त. गोलकीपर तिथेच अंग टाकून पाणी पीत होती. साहेबांनीही चहा मागवला, माझ्या कागदाचं नाव काढलं नाही. मी मैदानात उभी राहून रडले. इतकं हलकं कधी वाटलं नव्हतं.

२७ मार्च

सकाळी उठले तर आत्या बाहेरच्या खोलीत, जमिनीवर सतरंजी टाकून झोपलेली.

"अगं, इथे का?"

"आतली खोली त्यांना दिली. सगळं सांगितल्यावर ती म्हणाली, आता आम्ही जायचं कुठे? मग काय करणार. घेऊन आले."

मी जाऊन दार ढकललं. आतून कडी आहे.