सत्तावीस नंबरचे अकरा दिवस

राजूर,
९ नोव्हेंबर

प्रिय ताई,

मागच्या रविवारी तू फोनवर एकच प्रश्न विचारलास. बर्फातली माकडं थंडीनं मरत कशी नाहीत? मी उत्तर देण्याआधीच फोन गोपालभाऊजींच्या हातात गेला आणि ते म्हणाले, "तिले आराम करू दे." वर्षभरात तू स्वतःहून मला विचारलेला हा दुसरा प्रश्न. पहिला दवाखान्यातून निघताना विचारला होतास, की बाळाला कुठे ठेवलं. मी म्हणाले होते, मला माहीत नाही. त्यानंतर तू कुणालाच काही विचारलं नाहीस. फार बोललीही नाहीस. जेवतेस, काम करतेस, हाक मारली तर ओ देतेस. आई म्हणते, "पोरगी घरात हाये, पन हाये कुठी?" माकडांविषयी मला बरंच सांगता येईल, म्हणून लिहायला बसले. हे पत्र मानीबाईकडे देणार आहे. ती तुमच्या शेतात कापूस वेचते, बाजाराला इथे शेजारी वणीत येते. तिला वाचता येत नाही, पण म्हणाली, "दुसऱ्या कोनाले देत नाही वं, तिच्याच हाती देतो."

तर उत्तर. काही मरतात. म्हातारी आणि त्या वर्षीची पिल्लं आधी. बाकीची टिकतात, त्याला कारणं आहेत. हिवाळ्याआधी त्यांचे केस इतके दाट होतात की माझ्या कॅमेऱ्यावर त्यांच्या पाठी भोवतीच्या दगडांपेक्षा फारशा वेगळ्या दिसत नसत. तो कॅमेरा उजेड पाहत नाही, उष्णता पाहतो. तो झाडांवर बसवणं, त्याच्या बॅटऱ्या बदलणं आणि रोजचे आकडे उतरवणं, एवढंच माझं जपानमधलं काम. पडद्यावर ऊब पांढरी दिसते आणि गारठा निळा. माकडाचा चेहरा उघडा असतो, म्हणून बर्फात नुसते पांढरे चेहरे फिरताना दिसायचे. बर्फ पडल्यावर फळं नाहीत, पानं नाहीत. ती साल सोलून खातात, झाडांच्या कळ्या खातात. त्यानं पोट भरत नाही. पावसाळ्यानंतर अंगावर साठवलेली चरबी ती चार महिने जाळतात, आणि ती पुरावी म्हणून शक्य तितकं कमी हलतात. गरम पाण्याच्या कुंडात डोळे मिटून बसलेल्या माकडांचे फोटो तू पाहिले असशील. तशी जागा फार थोड्यांच्या वाट्याला येते. आमच्या डोंगरात कुंड नव्हतं.

तिथे होती ती एकमेकांची अंगं. पारा उणे दहाच्या खाली गेला की ती एकमेकांना घट्ट चिकटून बसतात, पोटाला पोट, पिल्लं मध्ये. मी मोजलेल्या सगळ्यात मोठ्या घोळक्यात तेरा होती. पडद्यावर मधला भाग पांढरा आणि कडा निळी. प्रत्येकाला मध्ये जायचं असतं आणि प्रत्येकाला घेत नाहीत. ज्यांच्या उवा रोज वेचतात, ज्यांच्याशी नातं आहे, त्यांनाच घेतात. बाकीचे बाजूला, दोघं-तिघं. कधी एखादंच.

इथे राजूरला सकाळी सोळा अंश असतं आणि बाबा त्याला थंडी म्हणतात. गुडघे सोडले तर ते बरे आहेत. गच्चीवर वाळत घातलेल्या कपड्यांवर कोळशाची धूळ अजून बसते. आई ते झटकत तुझ्याविषयी बोलते. मी जूनमध्ये परत आले, तेव्हापासून तुझ्याकडे दोनदा आले. दोन्ही वेळा तू चहा केलास आणि मी माझ्या कामाविषयी बोलले. सव्वा तासाचा रस्ता आणि वीस मिनिटांची भेट.

माकडांच्या टोळीत मुली कुठे जात नाहीत. नर पाच-सहा वर्षांचे झाले की निघून जातात, माद्या जन्मभर आईजवळ राहतात. त्यांचा मान आईवरून ठरतो आणि बहिणींमध्ये बहुतेक वेळा धाकटी वरचढ ठरते. आई धाकटीची बाजू घेते, म्हणून थोरली तिला वाट देते. पुढे आई नसली तरी वाट देतच राहते. हे मी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा शेजारी बसलेले आमच्या केंद्रातले म्हातारे निरीक्षक मला म्हणाले होते की तू धाकटी दिसतेस. मी विचारलं नाही कशावरून.

आपल्या घरात कुणी ठरवून केलं नाही. तुझं बारावीनंतर लग्न झालं, मला इंजिनिअरिंगला पाठवलं, आणि मग घरात टीव्ही कोणता घ्यायचा इथपासून बाबांचं ऑपरेशन करायचं की नाही इथपर्यंत सगळे माझ्याकडे पाहायला लागले. "अर्पिताले विचारा." तूही म्हणायचीस. मलाही त्याची सवय झाली. ज्या गोष्टीतलं काही कळत नाही, त्यातही मी कळत असल्यासारखं बोलायचे.

त्या दिवशी दवाखान्यात काय झालं ते तुला कुणी सांगितलेलं नाही. तुला टाके घातलेले, तू औषधाच्या गुंगीत होतीस. बाळ आठव्या महिन्यातलं. काचेच्या पेटीत एकोणीस तास जगलं. डॉक्टरांनी करायचं ते सगळं केलं, त्याविषयी मला शंका नाही. सकाळी नर्स मुलीला कपड्यात गुंडाळून बाहेर घेऊन आली आणि विचारलं, "आईले दाखवता का?" तिथे आई होती, बाबा होते, गोपालभाऊजी होते, तुझे सासरे होते. चौघांनी माझ्याकडे पाहिलं. मी म्हणाले, नको. ताईचं बीपी वाढलेलं आहे, तिला झेपणार नाही, पाहिलं नाही तर लवकर विसरेल. ताई, हे कुठल्याही डॉक्टरनं सांगितलेलं नव्हतं. मी कुठे वाचलेलंही नव्हतं. कॅमेऱ्याचे आकडे सांगावेत त्या आवाजात मी ते सांगितलं, आणि बाकी तिघांनी ते मानलं. गोपालभाऊजी एकदाच म्हणाले, "एक डाव विचारू तरी तिले." मी त्यांना गप्प केलं. तेव्हापासून तू त्यांच्याकडे ज्या नजरेनं पाहतेस, त्यातली निदान अर्धी माझ्याकडे यायला हवी होती.

तीन आठवड्यांनी मी जपानला गेले.

सत्तावीस नंबर ही त्या टोळीतली खालच्या मानाची मादी. त्या हिवाळ्यात ती बहुतेक वेळा घोळक्याच्या निळ्या कडेला असायची. एप्रिलच्या शेवटी तिला पिल्लू झालं. सावलीतला बर्फ तेव्हा अजून वितळला नव्हता. तिसऱ्या दिवशी ते मेलं. तिनं ते सोडलं नाही. एका हातानं छातीशी धरून ती तीन पायांवर चालायची, त्यामुळे टोळीच्या मागे पडायची. खायचं असलं की ते बाजूला ठेवायची, दोन घास झाले की वळून पाहायची. त्याच्या अंगावरचे केस विंचरायची, माशा हाकलायची. बाकीची माकडं येऊन वास घ्यायची आणि निघून जायची. पाचव्या दिवसानंतर वास आम्हालाही यायला लागला. नवीन आलेल्या एका मुलीला पाहवेना. ती म्हणाली, सत्तावीस नंबर झोपली की आपण पिल्लू काढून घेऊ या. म्हातारे निरीक्षक तिच्यावर ओरडले नाहीत. कुणीही हात लावायचा नाही, एवढंच म्हणाले. तिचं आहे, ती ठेवेल. मी रोज नोंद केली. पहिले चार दिवस पडद्यावर आई पांढरी आणि तिच्या छातीशी एक लहान निळा डाग. नंतर ऊन वाढलं आणि तो डाग भोवतीच्या दगडांच्या रंगाचा झाला. अकराव्या दिवशी तिनं ते एका सपाट दगडावर ठेवलं, शेजारी चाळीस मिनिटं बसली आणि टोळीच्या मागे गेली. त्या दिवशी ती पोटभर जेवली. तिला काय वाटलं हे मला माहीत नाही, ते मोजता येत नाही. तिच्याकडून कुणी घेतलं नव्हतं, एवढं मी पाहिलं. ती नोंद पूर्ण करून मी खोलीत आले आणि दुसऱ्या दिवशी कामावर गेले नाही. केंद्रात सांगितलं, ताप आहे.

मी क्षमा मागत नाही. मागितली तर तुला काहीतरी द्यावं लागेल आणि तुझ्याकडून घेण्याइतकं घेऊन झालं आहे. लिहिण्याचं कारण वेगळं आहे. मानीबाईनं सांगितलं, कापूस निघाला की तुमचं आणि शेजारचं शेत एक करणार आहेत, मधला धुऱ्याचा बांध मशिनीनं सपाट होणार आहे. ताई, तिला कुठे ठेवलं ते मला माहीत आहे. तेव्हाही माहीत होतं. भाऊजींच्यानं तिला धरवेना, म्हणून गाडीत ती माझ्या मांडीवर होती. बायांनी जायचं नसतं असं तुझे सासरे म्हणाले, तरी मी गेले. पूर्वेच्या धुऱ्यावर, पळसापासून विहिरीकडे माझी चौदा पावलं. तीन फूट खोल. मीठ घातलं, वर दगड रचले, बोरीच्या काट्या टाकल्या. तुला सांगायचं नाही असं तिथेच ठरलं, मीही हो म्हणाले. काल मी भाऊजींना फोन केला. धुऱ्याला हात लावण्याआधी ताईला विचारा, असं मी त्यांना म्हणाले. ते म्हणाले, "तूच सांग तिले, मले सांगता येत नाही." म्हणून सांगते आहे. तो धुरा ठेवायचा की तिला दुसरीकडे न्यायचं, हे तू ठरव. माझं मत मी देणार नाही. शुक्रवारी सकाळच्या पहिल्या बसनं मी येईन. तुला एकटीला जायचं असेल तर मी रस्त्यावर थांबेन. ती कशी होती ते फक्त मी जवळून पाहिलं, म्हणून लिहून ठेवते. वजन एक किलो सहाशे चाळीस ग्रॅम. केस काळे, मानेपर्यंत. डावा कान दुमडलेला. नखं वाढलेली होती. झोपल्यासारखी दिसत होती असं लोक सांगतील, तशी नव्हती. कपाळावर आठी होती, कुणीतरी अर्ध्यात उठवल्यासारखी. मी ती बोटानं पुसायचा प्रयत्न केला. गेली नाही.

तुझीच धाकटी,
अर्पिता