सायकल तेजसला मिळू नये

मी, प्रेमराज गिरधर भदाणे, वय पन्नास, धंदा सायकल दुरुस्ती, राहणार देवपूर, धुळे, मूळ गाव अमळनेर तालुक्यात, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीवर असताना लिहून ठेवतो. माझे डोके ठीक आहे. हृदय ठीक नाही. डॉक्टरांनी दोन्ही गोष्टींचा दाखला दिला असून तो सोबत जोडला आहे. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही. माझ्यावर कोणी दबाव आणलेला नाही. मीच या कागदाने एका माणसावर दबाव आणू पाहतो आहे. तसे होणार नाही असे वकिलांनी मला सांगितले आहे. तरी लिहितो.

तो माणूस माझा मुलगा तेजस, वय अठरा. येत्या १४ डिसेंबरला पिंपळनेरच्या रस्त्यावर राज्य संघासाठी निवडीची शर्यत आहे. तीत त्याचे नाव आहे. त्याच्या हृदयाची भिंत माझ्यासारखीच जाड आहे. धुळ्यात तपासले, नाशिकला तपासले, निकाल एकच. त्याला काही त्रास होत नाही. माझा धाकटा भाऊ हेमराज यालाही होत नव्हता. तो पंचविसाव्या वर्षी शर्यतीत गेला.

१. घर. देवपुरातील राहते घर पत्नी दिपमाला हिला. तिने ते विकावे, ठेवावे, भाड्याने द्यावे. गावी येऊन राहा असे तिला कोणी म्हणू नये. कोणी म्हणजे माझे वडील, आबा. दिपमालाने लग्नानंतर पहिल्याच महिन्यात विचारले होते, “तुमच्या घरात कोणी चालत जात नाही का हो कुठे?” तिला या घरात हसताना मी जास्त पाहिलेले नाही. तेव्हा ती हसली होती.

२. शेत. वडिलोपार्जित जमिनीतील माझा हिस्सा मुलगी पुनम हिला. पुनमची तपासणी झाली आहे, तिचे हृदय चांगले आहे. जमीन तिला देण्याचे कारण ते नाही. ती हिशेबाने वागते आणि कोणाला घाबरत नाही, हे कारण आहे. आबा आहेत तोवर ती जमीन त्यांनीच कसावी. माझे त्यांच्याशी पटत नाही, पण कापूस त्यांना माझ्यापेक्षा कळतो.

३. दुकान. दुकान, त्यातील हत्यारे, चाक सरळ करायचा स्टँड आणि सुटे भाग चुलतभाऊ झुलाल याला. तो बावीस वर्षे माझ्याबरोबर काम करतो आहे. दुकानावर पाटी ‘भदाणे सायकल मार्ट’ अशी आहे. लोक मात्र ‘उतरेल प्रेमराजनं दुकान’ म्हणतात. आमच्या अहिराणीत उतरेल म्हणजे उतरलेला. पुण्यामुंबईचे गिऱ्हाईक विचारते, कोण उतरेल? कधी उतरेल? त्यांच्या मराठीत तो शब्द पुढे होणाऱ्या गोष्टीचा आहे. आमच्यात ती गोष्ट होऊन गेलेली असते. हे नाव मला आबांनी दिले. झुलालने हवे तर पाटी बदलावी.

४. हे नाव का पडले ते लिहितो, कारण तेजसला ते आबांच्या तोंडून कळले आहे.

आमचे घर खेळाचे. आजोबा चिंधा पहिलवान. ते अडतिसाव्या वर्षी आखाड्यातच गेले. दृष्ट लागली असे ठरले. आबा काळ्या सायकलवर दूध घालायचे आणि दुधाचे कॅन उतरवून शर्यती मारायचे. अमळनेर ते धुळे त्यांच्या पुढे कोणी नसायचे. आम्ही दोघे भाऊ चालायला लागलो तसे सायकलवर बसलो. धुळ्यापलीकडचा लळिंगचा चढ आम्ही सुट्टीच्या दिवशी जेवणाआधी चढून यायचो.

१९९८ साली एका शिबिरात आलेल्या बेल्जियमच्या प्रशिक्षकाने मला एका हंगामासाठी त्याच्या क्लबात बोलावले. तेव्हा मी तेवीस वर्षांचा होतो. गावाने मिरवणूक काढली. तिथे मी योहान नावाच्या मुलाच्या घरी राहिलो. तेही घर आमच्यासारखेच. आजोबा, वडील, काका, सगळे रस्त्यावरच्या शर्यतीचे. जेवताना बोलणे वाऱ्याचे, टायरचे, दगडी रस्त्याचे. मला भाषा येत नव्हती, पण जेवणाच्या टेबलावर काय चालले आहे ते कळत होते.

हंगामाआधी क्लबाच्या डॉक्टरने सगळ्यांना तपासले. माझी छाती दोनदा तपासली. मग योहानच्या वडिलांना बोलावून घेतले. मला परवाना मिळाला नाही. डॉक्टर म्हणाला, तू जोरात सायकल चालवलीस तर एक दिवस हृदय अचानक थांबेल. तो दिवस कोणता, हे त्याला सांगता येत नव्हते.

योहानच्या मोठ्या भावालाही त्याच डॉक्टरने आदल्या वर्षी थांबवले होते. त्याच्या वडिलांनी त्याला क्लबाच्या मोटारीची किल्ली दिली. त्या घरात त्याला कोणी काही म्हणाले नाही. तो शर्यतीमागे मोटार चालवी आणि योहान पुढे सायकल चालवी. योहान तेरा वर्षे धावला. दुसऱ्यांसाठी पाण्याच्या बाटल्या आणल्या, दुसऱ्यांसाठी वारा कापला, स्वतः एकदाच जिंकला, तोही गावाकडच्या लहान शर्यतीत, पावसात. त्याच्या शर्यतींचे निकाल मी दुकानात बसून शोधायचो. त्याची बाटल्या आणण्याची कारकीर्दही मला चालली असती.

मी परत आलो आणि आबांना डॉक्टरचे म्हणणे सांगितले. आबा म्हणाले, “गोऱ्यास्नी तुले काढी टाकं. तेस्ना पोऱ्या मांगे पडतीन म्हनीसन.” मी म्हणालो, त्यांनी त्यांच्याही मुलाला काढले. आबा म्हणाले, “तो भी भ्याड व्हई.”

मी पुन्हा शर्यतीच्या सायकलवर बसलो नाही.

५. हेमराज. हे कलम मालमत्तेचे नाही. वकील म्हणाल्या गाळा. मी गाळत नाही.

मी हेमराजला हात जोडून सांगितले, तपासून घे. तो म्हणाला, “भाऊ, तू उतरना ना, बस झाया. एका घरमा एकच.” असे म्हणून त्याने माझ्या पाठीवर थाप मारली. २००३ साली पुण्याकडच्या एका घाटात तो शर्यतीत पहिल्या तिघांत असताना वळणावर कोसळला. त्या वळणावर झुलाल उभा होता. संयोजकांनी त्याला वॉकीटॉकी दिला होता. त्याने ओरडून सांगितले, “हेमराज वळणवर पडेल शे! गाडी धाडा!”

पलीकडून उत्तर आले, “पडेल असं वाटतंय तर थांबवा ना त्याला. आम्हाला पडल्यावर कळवा.”

झुलालने पुन्हा सांगितले, पडेल शे, पडेल शे, म्हणजे पडला आहे. पलीकडचा माणूस चिडला. “अहो, पडेल पडेल काय लावलंय?” मागून आलेल्या एका मुलाने वॉकीटॉकी हिसकावून “पडलाय” म्हटले, तेव्हा गाडी निघाली. ती आली तोवर हेमराज गेलेला होता.

शवविच्छेदनात हृदयाची भिंत जाड निघाली. आबांनी तो कागद पाहिला नाही. आजही ते म्हणतात, “मना पोऱ्या भाषानी मारा, काळीजनी नही.” गाडी वेळेवर आली असती तर तो वाचला असता, हा त्यांचा विश्वास आहे. वाचला असता की नाही, मला माहीत नाही. डॉक्टरांनाही नाही. या माहीत नसण्यावर आबा बावीस वर्षे उभे आहेत. तेजसला त्यांनी हेच शिकवले आहे. त्याला ते शुद्ध मराठी बोलायला लावतात. शर्यतीत पडलास तर “पडलो” म्हण, असे त्याच्याकडून घोकून घेतात. त्यांच्या मते एवढी खबरदारी पुरे आहे.

झुलाल त्या दिवसापासून अहिराणी बोललेला नाही. बायकोशीही नाही. दुकानात त्याची चेष्टा होते, “झुलालभाऊ बातम्या देई राह्यना.” त्याच्यावर माझा राग नाही. हे मी त्याला तोंडाने सांगू शकलो नाही, येथे लिहितो.

६. सायकल. बेल्जियमहून आणलेली शर्यतीची सायकल दुकानाच्या माळ्यावर आहे. ती तेजसला मिळू नये. आबांना मिळू नये. विकूही नये, कारण धुळ्यात विकली तर संध्याकाळपर्यंत आबांच्या दारात उभी राहील. झुलालने तिची फ्रेम करवतीने कापावी. पोलादी आहे, कापली जाते. मी करवत घेऊन गेलो होतो. हात चालला नाही. झुलालला विचारले तर म्हणाला, “भाऊ, मी कापीन. पण तुम्ही असताना नाही.” ठीक आहे.

याने काही अडणार नाही हे मला कळते. तेजसकडे कार्बनची नवी सायकल आहे. आबांनी बैलजोडी विकून घेतली.

७. आबांशी मी शेवटचे बोललो ते दिवाळीत. मी म्हणालो, तेजसचे रिपोर्ट एकदा दुसऱ्या डॉक्टरला दाखवा, तुम्ही म्हणाल त्या.

“मी शहात्तरना शे. रोज शेतमा सायकलवर जास. माले का नही व्हयनं?”

म्हणालो, सगळ्यांना होत नाही.

“आनि तू? तू उतरना. खुर्चीवर बसी ऱ्हायना. तरी मरी राह्यना ना? मंग कसाले उतरना?”

हेमराज पंचविशीत गेला, मी पन्नाशीत जातो आहे. मधली वर्षे मला उतरल्यामुळे मिळाली. हे मी म्हणायला हवे होते. दम लागला होता.

८. तेजसला मी समोर बसवून सांगितले. त्याने ऐकून घेतले. तो उद्धट नाही. मग म्हणाला, “पप्पा, तुम्ही उतरले आणि जगले. पण मी बघितलंय ना कसे जगले. कोणी जोरात सायकल चालवत गेलं की तुम्ही हातातलं काम सोडून दारात येतात. तो दिसेनासा होईपर्यंत उभे राहतात. मला तसं नाही जगायचं.”

खोटे नाही. मी दारात जातो.

पण तेजस, तुझा जन्म मी उतरल्यानंतरचा आहे. पुनमचाही. मी दारात उभा असायचो तेव्हा आत पाळण्यात तू होतास. तुला रडू आले की मी दारातून आत यायचो. ते तू पाहिलेले नाहीस.

९. बचत. बँकेत आहे ते सगळे तेजसला. योहान आता मुलांच्या संघाची मोटार चालवतो. तेजसला एक हंगाम मेकॅनिकचे काम शिकायला पाठव, माझ्या घरीच राहील, असे त्याने कळवले आहे. त्यासाठी हे पैसे वापरावेत अशी इच्छा आहे. मी अट घालणार होतो, की शर्यत सोडली तरच पैसे मिळतील. वकील ॲड. डिंपल शिसोदे म्हणाल्या, “काका, अट पैशाला घालता येते. पोराला नाही. तो पैसे सोडेल आणि सायकलवर बसेल.” तेजसला विचारले. तो म्हणाला, “मग राहू द्या पैसे.” म्हणून अट काढली आहे. पैसे त्याचेच. तो तिकडे गेला नाही तरी त्याचेच.

१०. अंत्यविधी. मला गावी न्यावे. अग्नी तेजसनेच द्यावा. पुतण्याने किंवा अन्य कोणी देऊ नये, तेजस दूर असेल तर थांबावे. आमच्याकडे अग्नी देणारा मुलगा गंधमुक्ती होईपर्यंत, म्हणजे दहा-बारा दिवस, घर सोडत नाही. चपला घालत नाही, गावाची वेस ओलांडत नाही. आबा डॉक्टरला मानत नाहीत, पण हे मानतात. हेमराजचे सगळे त्यांनी स्वतः पाळले होते.

मी स्वतःहून काही करून घेणार नाही. गोळ्या दिपमाला हातावर ठेवते आणि गिळेपर्यंत उभी राहते. पण डॉक्टरांनी महिने सांगितलेले नाहीत, आठवडे सांगितले आहेत. आणि पुढच्या वर्षी पुन्हा निवड असेल. तेव्हा मला दुसऱ्यांदा मरता येणार नाही. म्हणून जे होईल ते आत्ताच.

आज सकाळी आबांना वकिलांच्या ऑफिसात बोलावून घेतले. ते आले. मी विचारले, “आबा, मी शर्यतीआधीच्या आठवड्यात गेलो तर?”

“आसं बोलू नको, भो.”

“गेलो तर?”

वकिलांनी पंखा बंद केला. मग आबा म्हणाले, “मंग पोऱ्या घरमाच राही.”

“पिंपळनेरला जाणार नाही?”

“बापनी राख गरम ऱ्हाताना कोन जास? घरमाच राही. मी बसाडसू त्याले.”

वकिलांनी विचारले, हे मराठीत लिहू का? मी म्हणालो, आबा बोलले तसेच ठेवा. त्यांना वाचून दाखवले. त्यांनी पुन्हा वाचायला सांगितले. पुन्हा वाचले.

या मृत्युपत्राची अंमलबजावणी मुलगी पुनम हिने करावी. वरील सर्व मजकूर मी सांगितला, टाइप झाल्यावर स्वतः वाचला, बरोबर आहे म्हणून खाली सही करतो. आजारामुळे सही नेहमीसारखी नाही. ती माझीच आहे.

ठिकाण: धुळे
दिनांक: २ डिसेंबर २०२५

(सही) प्रेमराज गिरधर भदाणे

आमच्या समक्ष सही केली:
१. झुलाल दगा भदाणे, देवपूर, धुळे
२. इंदिराबाई रमण बाविस्कर, शेजारी, देवपूर, धुळे

संमती, फक्त कलम दहापुरती:
गिरधर चिंधा भदाणे