अस्वल पुन्हा गायब

२ मार्च, सोमवार

नाही म्हणजे नाहीच सापडला! दीड तास गेला. फिजिओबाईंनी चिठ्ठीवर स्वतःच्या हाताने नाव लिहून दिलंय. रंगीत ठिपके जोडायचा साधा खेळ. आणि ह्या नव्या टॅबच्या दुकानात — म्हणजे टॅबच्या आतलं दुकान, जिथून खेळ उतरवून घ्यायचे ते — तो खेळच नाही. नाव टाकलं की काय पुढे येतं? टॉर्च. होकायंत्र. गुलाबाच्या फुलांची चित्रं. मी काय मागतेय आणि हे काय देतंय! बसस्टँडच्या चौकशी खिडकीत बसून मी कुणाला असं उत्तर दिलं असतं ना, गाडी विचारली आणि छत्री पुढे केली, तर मॅनेजरांनी माझी खुर्ची कधीच बाहेर काढली असती.

हे खुर्चीत बसून बघत होते. उजवा हात मांडीवर पडलेला, दुसऱ्याच कुणाचा असल्यासारखा. एकदाच म्हणाले, "राहू दे."

राहू दे कसं? गेल्या आठवड्यात दवाखान्यात बाईंच्या टॅबवर हाच खेळ होता. ह्यांनी उजवं बोट पिवळ्या ठिपक्यावर टेकवलं, रेघ चार बोटं पुढे गेली आणि सुटली. तर हे काय म्हणाले — "हा पिवळा चुकलाय. थोडा लाल हवा होता." झटका आल्यापासून पहिलं आख्खं वाक्य! चाळीस वर्षं दुकानांच्या पाट्या रंगवल्या ह्या माणसाने, त्याला पिवळा कळणारच. बाई खूश. म्हणाल्या, "घरी रोज हाच खेळ द्या. डावा हात मांडीखाली दाबून ठेवायचा, म्हणजे उजव्याला काम करावंच लागतं. ठिपका दाबून धरायचा, बोट न उचलता ओढायचं, मग सोडायचं. एवढं जमलं की हात परत येतोय असं समजा."

पहिले तीन महिने महत्त्वाचे, असंही म्हणाल्या. २७ तारखेला तीन महिने होतात, त्याच दिवशी तपासणी. बोटाने जोर धरला तर पुढचे व्यायाम. नाही धरला तर — "मग आपण डाव्या हातावर लक्ष देऊ."

ते वाक्य माझ्या डोक्यातून जात नाही.

३ मार्च

ड्यूटीवरून परस्पर टॅबवाल्याकडे गेले. त्याने शांतपणे सांगितलं, "काकू, ह्याला मोठं दुकान चालत नाही. कंपनीचं स्वतःचं आहे. छोटंसं आहे, पण छान आहे."

विकताना का नाही सांगितलंस, म्हटलं.

"तुम्ही विचारलं नाहीत."

माझा जन्म गेला लोकांनी न विचारलेलं सांगण्यात. फलाट बदललाय, पुढची गाडी रिकामी आहे, पिशवी विसरताय! आणि हा म्हणतो विचारलं नाहीत.

वर म्हणाला, आधी जागा करा, आत बराच कचरा भरून येतो. काढायचं कसं तेही दाखवलं. चित्र दाबून धरायचं, वर कचऱ्याचा डबा उघडतो, बोट न उचलता चित्र तिथवर न्यायचं, सोडायचं, मग 'हो'. घरी येऊन ह्यांच्या शेजारी बसून बारा वस्तू काढल्या. शेअरबाजार, लग्न जुळवणारं काहीतरी, हवामान — तेही भलत्याच शहराचं. काढताना मोठ्याने सांगत होते, ह्यांचं मन रमावं म्हणून. हे बघत होते. 

५ मार्च

मुलाला फोन केला. म्हणाला, "आई, सोपं आहे. मी फाइल पाठवतो, तू उघड." सोपं! त्याच्या 'सोपं'ला मी आता घाबरते.

फाइल आली. उघडली तर टॅब म्हणतो, अज्ञात ठिकाणाहून आलेली वस्तू धोकादायक असू शकते. अज्ञात कसली मेल्या, माझ्या पोटच्या पोराने पाठवलीय! मग सेटिंग. मग त्याच्या आत आणखी सेटिंग. एक खूण करायची होती, ती तीनदा केली, तीनदा आपोआप पुसली. पाऊण तासाने एकदाचा खेळ बसला. ह्यांना जवळ बोलावलं, डावा हात मांडीखाली ठेवायला लावला, उजवं बोट धरून चित्रावर नेलं.

पांढरं पान. मग: 'आवश्यक सेवा उपलब्ध नाहीत.' मग काहीच नाही.

मुलगा म्हणतो, त्या खेळाला मोठ्या दुकानाच्या सेवा लागतात. "आई, तू कुठला टॅब घेतलायस ते मला काय माहीत?" बरोबर आहे त्याचं. तरी फोन आपटला. ह्यांनी हळूच डावा हात मांडीखालून काढून घेतला. तेवढं मात्र मला दिसलं, आणि वाईट वाटलं.

७ मार्च

सापडलं काहीतरी! त्या छोट्या दुकानाच्या तळाशी, बाळगोपाळांच्या फळीवर. तेच ठिपके, त्याच रेघा. फक्त कोपऱ्यात एक अस्वल आहे, निळी चड्डी घातलेलं. रेघ पोचली की ते टाळ्या वाजवतं.

ह्यांनी बोट टेकवलं. रेघ अर्ध्यावरच सुटली. अस्वलाने टाळ्या वाजवल्या! नाही जमलं तरी वाजवतं ते. 'छान प्रयत्न! छान प्रयत्न!' आणि गोल गोल नाचतं.

ह्यांचा चेहरा असा झाला की मला हसावं का रडावं कळेना. "बंद कर ते."

म्हटलं, अहो, लहान मुलांसाठी आहे, तुम्ही लक्ष देऊ नका.

"चौथ्या मजल्यावर फळीवर उभा राहून अक्षरं काढायचो. कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत." थांबत थांबत बोलले, जीभ अजून जड आहे. "मला टाळ्या नकोत."

८ मार्च

तीनदा सांगितलं, खेळा म्हणून. तिन्ही वेळा "नंतर".

९ मार्च, सोमवार

दुपारी अडीचला घरी आले. टॅब ह्यांच्या मांडीवर, आणि अस्वल गायब! काल झोपण्याआधी होतं. सगळ्या पानांवर शोधलं. ह्यांना विचारलं, "तुम्हाला काही ठाऊक आहे का?" ह्यांनी खांदा उडवला, डावा.

परत उतरवून घेतलं. वीस मिनिटं लागली. मध्येच जाहिरात, तीही वजन कमी करण्याची.

१० मार्च

गायब.

११ मार्च

अस्वल पुन्हा गायब.

१२ मार्च

आता मी माझ्या पद्धतीने जाणार. खिडकीवर आम्ही वही ठेवतो: वेळ, तक्रार, उपाय. तशीच वही ह्या टॅबसाठी घातली. सकाळी सात पन्नासला बाहेर पडताना अस्वल हजर. दुपारी दोन तीसला गैरहजर. सलग चार दिवस. म्हणजे जे काय होतंय ते मी खिडकीवर असताना होतंय.

शेजारच्या ताई अकराला ह्यांना चहा देऊन जातात. त्यांना विचारलं. बिचाऱ्या घाबरल्याच. "मी त्याला हातसुद्धा लावत नाही हो! मी येते तेव्हा हे डोळे मिटून पडलेले असतात, रेडिओ चालू असतो."

वही घेऊन टॅबवाल्याकडे. त्याने वही वाचलीसुद्धा नाही. "काकू, जागा कमी पडली की जे वापरात नाही ते टॅब आपलं आपण काढून टाकतो."

जे वापरात नाही ते.

म्हणजे मी गेल्यावर हे त्याला बोटही लावत नाहीत. मला वाटत होतंच, पण यंत्राने चुगली केल्यासारखं झालं. रस्ताभर त्या पोराचा राग आला, खरं तर राग त्याचा नव्हता.

१६ मार्च

अस्वल नाही तर नाही, म्हणून काल ससा टाकला. फुगे फोडायचे, फोडले की ससा 'शाब्बास' म्हणतो. शिवाय एक हत्ती, तो सोंड वर करतो. ह्या छोट्या दुकानात मोठ्या माणसांसाठी काही म्हणून नाही! सगळे आपले शाबासकी द्यायला टपलेले.

आज दुपारी सगळे गेले. ससा गेला, हत्ती गेला. कॅल्क्युलेटर मात्र ठाण मांडून बसलाय. त्याला आजवर कुणी हात लावलेला नाही, आणि तो जात नाही! हा कुठला न्याय? वहीत लिहून ठेवलं. उपाय ह्या रकान्यात काही सुचलं नाही, तिथे रेघ मारली.

१९ मार्च

आवाज बंद करून अस्वल दिलं, म्हटलं टाळ्या ऐकू येणार नाहीत. हे म्हणाले, "दिसतात." खरं आहे. दिसतात.

बाईंनी दिलेला रबरी चेंडू पलंगाखाली सापडला, धूळ बसलेला. मी पुसला आणि ह्यांच्या हातात ठेवला. मी पाठ वळवली तोवर खाली. पुन्हा ठेवला. पुन्हा खाली. मग मीही नाही उचलला.

आठ दिवस राहिले.

२३ मार्च, सोमवार

आज नको ते बोलले.

खिडकीवर एका माणसाने दहा मिनिटं डोकं खाल्लं, गाडी चुकली ती माझ्यामुळे म्हणे. घरी आले, चपला काढायच्या आधी टॅब बघितला. कोरा. मी पिशवी टाकली आणि सुरू झाले. रोज वीस मिनिटं मी त्या यंत्रापुढे डोकं फोडते, दुकानदारापुढे उभी राहते, पोराशी भांडते, आणि तुम्ही दिवसभर रेडिओ लावून पडून राहता! चार दिवसांनी त्या बाई डाव्या हाताचं बोलतील, चालेल तुम्हाला? तुम्हाला बरं व्हायचंच नाहीये!

हे भिंतीकडे बघत राहिले. तिथे ह्यांचे ब्रश टांगलेत, जाड ते बारीक, जसे डिसेंबरात होते तसेच. मी ते हलवलेले नाहीत. मग म्हणाले, "ओरडू नकोस. ताईंना ऐकू जाईल."

न्हाणीघरात जाऊन नळ सोडला आणि रडले. मला ह्यांचा हात हवाय. लिहायचंच तर खरं लिहिते. पाट्यांसाठी नाही, कमाईसाठी नाही. रस्ता ओलांडताना हे उजव्या हाताने माझं मनगट धरायचे, न बोलता, इतकी वर्षं. परवा मी एकटी ओलांडून पलीकडे गेले आणि मागे वळून बघितलं. घरी होते ते. सवय जात नाही.

२४ मार्च

टॅबवाला टॅब परत घेणार नाही म्हणतो, पंधरा दिवस उलटून गेले. ठीक आहे. पडू दे घरात.

आम्ही दोघंही आज नीट बोललो नाही. ह्यांनी पाणी मागितलं, मी दिलं. संध्याकाळी तरी हात आपोआप तिकडे गेला. अस्वल उतरवून ठेवलंय. शेवटचं. माझंच मला कळत नाही कशासाठी.

२५ मार्च

सकाळी नऊला स्टँडवरची वीज गेली. कॉम्प्युटर बंद, भोंगा बंद. मॅनेजर म्हणाले, जा घरी. दहाला जिन्यात होते. दार नुसतं लोटलेलं, ताईंसाठी असतं तसं. आत रेडिओ मोठ्याने.

हे खुर्चीत. डावा हात मांडीखाली. स्वतःहून! उजवं बोट अस्वलावर टेकवलेलं, दाबून. वर डबा उघडला. अस्वल निघालं, अर्ध्यात सुटलं. ह्यांनी हळू शिवी दिली. पुन्हा धरलं. पुन्हा सुटलं. तिसऱ्यांदा थेट डब्यापर्यंत नेलं, एक सरळ रेघ, आणि सोडलं. मग 'हो'.

टाळ्या वाजवाव्याशा वाटल्या. नाही वाजवल्या. चार पायऱ्या उतरले, डोळे पुसले, किल्ल्या वाजवत वर आले. हे डोळे मिटून पडलेले!

"तुझा टॅब बिघडलाय," म्हणाले. "ते अस्वल परत गेलं बघ."

म्हटलं, "मेल्याने बिघडलेलाच दिलाय." आणि शेजारी बसून परत उतरवून घेतलं. अस्वल, ससा, हत्ती — तिन्ही.