आधी खिटी, मग घोडा

आबा,

आज खंडेनवमी. सांगलीच्या या घरात पूजायला शस्त्र म्हणावं असं काही उरलेलं नाही. विळी, कात्री, मिक्सर आणि नातवाचा लॅपटॉप पाटावर, मुलाची मोटारसायकल दारात. सूनबाईनं हळदकुंकू वाहिलं आणि अक्षतांची मूठ उचलली, तशी मी आतून ओरडले, "अगं, अक्षता नको! फुलं वाहा, अक्षता आत जातात." घर सगळं हसायला लागलं. नातू म्हणतो, "आजी, लॅपटॉपमध्ये काय भात शिजणार आहे का?" हसा म्हटलं, हसा. एका तांदळाच्या दाण्यानं माझ्या आयुष्याचं काय करून ठेवलं, ते तुम्हाला काय ठाऊक? मग दुपारी सगळे आडवे झाले आणि मी कागद घेऊन बसले. तुम्हाला जाऊन चाळीसेक वर्षं झाली असतील. तुमच्याशी हळू आवाजात बोलायचं राहून गेलंय, तेवढं आता लिहून काढते.

साताऱ्यातलं आपलं दुकान मला अजून वासानंच आठवतं. रॉकेल, तेल आणि तुमच्या तंबाखूचा वास. फौजेत तुम्ही आर्मरर होतात, पलटणीची हत्यारं दुरुस्त करणारे. पेन्शनीवर आलात तेव्हा भावकी म्हणाली, ऊस लावा. तुम्ही सरकारी परवाना काढून बंदुका दुरुस्तीचं दुकान टाकलंत. कराडकडचे बागायतदार, लोणंदचे अडते, कुठले कुठले निवृत्त सुभेदार तुमच्याकडे यायचे. दुनळी बंदुका जास्त, रिव्हॉल्व्हर थोडी, पण तुमचा जीव रिव्हॉल्व्हरमध्ये. मी मॅट्रिक होऊन घरी बसलेली. बसलेली म्हणजे स्थळं बघायला. दुपारी तुमचा डबा घेऊन दुकानात जायची ती दिवेलागणीपर्यंत तिथंच रमायची, आणि आई घरी माझ्या नावानं शंख करायची.

रिव्हॉल्व्हर चालतं कसं, हे मला तुम्ही दुकानात नाही, स्वयंपाकघरात शिकवलंत. आईचा मिसळणाचा डबा चुलीपुढून उचललात आणि वाट्यांसकट मांडीवर घेतलात. "ही चक्री. ह्या वाट्या म्हंजे काडतुसाची घरं. समोर एकच नळी, तिच्याम्होरं एका येळी एकच घर यायला पायजे. आता घोडा मागं वडला, की आतलं पोलादाचं बोट वर येतंय आन् चक्रीच्या पाठच्या दात्याला ढकलतंय. चक्री एक घर फिरती. फिरली, की खालनं खिटी वर येऊन खाचंत बसती, चक्री गप. आन् मग घोडा मागं अडकतो. आधी खिटी, मग घोडा. ध्यानात ठेव." मी विचारलं, "आणि उलटं झालं तर?" तुम्ही डबा अर्धवट फिरवून थांबवलात. "तर घर नळीला नीट भिडत न्हाई. गोळी काठावर घासती, शिसं बाजूला उडतंय. शेजारी हुबं ऱ्हायलेल्याचा डोळा जाईल." एवढ्यात आई मागून, "आवं, त्यो डबा ठेवा खाली! हळद समदी मोहरीत सांडली!" त्या दिवशीची आमटी पिवळीजर्द झाली होती. तुम्ही दोनदा मागून घेतलीत, आईला खूश करायला.

त्या दोन आवाजांत अंतर ते किती? पापणी लवावी तेवढंसुद्धा नाही. खिटीचा बारीक, घोड्याचा जाड. तुम्ही रिव्हॉल्व्हर रिकामं आहे याची खात्री करून घेणार, मग कानाशी धरून हळूहळू घोडा ओढणार, एकेका घराला थांबणार. मी मागं डबा धुता धुता ऐकत असायची. कुणी शिकवलं नाही, कान आपोआप तयार झाला. पुढं पुढं मात्र तुम्ही एक नवीनच चाळा सुरू केला होता. स्क्रूड्रायव्हरची मूठ दातात धरायची, टोक रिव्हॉल्व्हरच्या अंगाला टेकवायचं आणि घोडा ओढायचा. मी चेष्टा करायची, "आबा, आज डब्यात भाकरी कमी पडली का?" तुम्ही हसायचात. मला काय कळणार, मी आपली खिदळत होते.

मग तो दसरा. कराडकडचे एक बागायतदार आले, त्यांना मी मामा म्हणायची. भारदस्त गडी, पण चेहरा उतरलेला. "आबा, काल खंडेनवमीची पुजा केली आन् आज बघतोय तर चक्री फिरंना. लय जोर लावला, अंगठा सोलला माझा, पर हलंना." तुम्ही म्हणालात, "जोर कशाला लावलासा? बैल हाय व्हय त्यो?" त्यांचं ते जुनं विलायती रिव्हॉल्व्हर, बिजागरीवर मान मोडून उघडणारं. उघडलं, की रिकामी काडतुसं वर उचलणारी एक चांदणी चक्रीच्या पाठीतून बाहेर येते. त्या चांदणीखाली कुंकवानं लाल झालेला अक्षतेचा दाणा बसला होता. मामींनी पूजेला उघडून ठेवलेल्या हत्याराच्या पोटात भक्तिभावानं मूठभर अक्षता वाहिल्या होत्या. चांदणी पुरती खाली बसेना, म्हणून चक्री अडत होती. तुम्ही दाणा चिमट्यानं काढलात, "घ्या मामा, देवीचा परसाद," म्हणालात, आणि दोघं पोट धरधरून हसलात. चक्री फिरायला लागली. मामांनी स्वतः घोडा ओढून बघितला, "लय ग्वाड चालतंय की वो!"

मी ऐकलं. एका घराला घोडा आधी वाजला आणि खिटी मागून. मामांनी आडदांडपणानं जोर लावून आतल्या त्या बोटाचं टोक झिजवलं होतं. मामा रिव्हॉल्व्हर पिशवीत घालतायत, तुम्ही हात पुसताय. मी पुढं होऊन म्हटलं, "मामा, अजून तेल द्यायचं राहिलंय. तुम्ही तोवर कोपऱ्यावर चहा घेऊन या." मामा गेले आणि तुम्ही माझ्यावर कडाडलात. "गिऱ्हाईकाम्होरं मधी त्वांड घालतीस? तेल म्या दिलंय. दुकान तुजं हाय का माजं?" तुम्ही मला तसं कधी बोलला नव्हतात. मला रडू फुटलं आणि मी रडत रडतच ओरडले, "आबा, खिटी मागनं बसतीय!"

"काय बी बोलू नगंस. म्या ऐकलंय," म्हणालात, आणि रिव्हॉल्व्हर कानाशी धरलंत. मग स्क्रूड्रायव्हर दातात. परत ओढलंत, परत. मग दातातला स्क्रूड्रायव्हर काढून बाकावर ठेवलात आणि माझ्याकडे बघत बसलात. तुमच्या चेहऱ्याकडे बघवत नव्हतं, आबा. "तुला येतंय ऐकाया?" मी मान हलवली. "मला न्हाई येत आता," तुम्ही म्हणालात. "लय दिस झालं. दातातनं ठोका कळतोय का बघत हुतो." फायरिंग रेंजवर जन्म गेला, आणि तुमच्या पलटणीत कानात कापूस घालणाऱ्याला सगळे हसायचे, असं तुम्हीच सांगितलं होतंत. मामा चहा पिऊन आले. तुम्ही त्यांना सरळ सांगितलंत, बोट झिजलंय, नवीन घडवतो, चार दिवस ठेवून जावा. मामांना त्यात काहीच वाटलं नाही. ते गेल्यावर तुम्ही माझ्यासाठी बाकाशेजारी स्टूल ओढलंत.

ते माझे सगळ्यात सुखाचे दिवस. तुम्ही घोडा ओढायचा, मी डोळे मिटून ऐकायची. मी मान हलवली की पुढचं घर. गिऱ्हाईकांना वाटायचं, आबा पोरीचे लाड करतायत, तिला खेळायला बसवलंय. खरं काय ते तुम्ही, मी आणि आई, आपल्या तिघांतच. कान गेलेल्या माणसाकडे रिव्हॉल्व्हर कोण देणार? घरात मात्र तुमच्याशी सगळंच ओरडून बोलावं लागायला लागलं. कुठल्या स्थळानं मला सावळी म्हणून नाकारलं, ते आईच्या तोंडून तुमच्या आधी गल्लीला कळायचं. मीठ संपलं, पोट दुखतंय, पाहुणे यायचेत, हे ओरडून सांगता येतं. "आबा, तुमच्याजवळ बसलं की मला बरं वाटतं," हे कसं ओरडणार? म्हणून ते राहिलंच.

टेलिफोन ऑपरेटरची जाहिरात पेपरात तुम्हीच बघितलीत. "सांगलीला जागा हाय. कानाचं काम हाय पोरी, भरून टाक." त्या संध्याकाळी मी भाकरी थापत होते आणि सोप्यात तुमचं दोघांचं जुंपलं. आई ओरडत होती, "आन् तुमचं कोन ऐकनार? दुकान बसंल की वो!" आणि तुम्ही तिच्याहून मोठ्यानं, "दुकान चालावं म्हनून पोरगी घरात डांबून ठिवू व्हय? मला भाकर ग्वाड लागंल का?" माझ्या तव्यावरची भाकरी करपली. मुलाखतीला तुम्ही बरोबर आलात, एसटीत खिडकी मला दिलीत. साहेबांनी कानाला यंत्र लावून खरखरीतून आकडे म्हणून दाखवले आणि मी ते घडाघडा सांगितले. खिटीचा आवाज ओळखणारीला ते काय अवघड? नेमणूक झाली. विश्रामबागेत एका जैन कुटुंबाकडे खोली मिळाली. काकू स्वतः दिवस मावळायच्या आत जेवायच्या, पण माझं ताट झाकून ठेवायच्या. दिवसभर मी कराड जोडायची, लोणंद जोडायची, सातारा जोडायची. कुणाच्या बारशाची बातमी, कुणाच्या उसाची. साताऱ्याची लाइन लागली की वाटायचं, तुमच्याशी बोलावं. शेजारच्या दुकानात फोन होता, तुम्हाला बोलावून दिलंही असतं, पण तुम्हाला फोनवर ऐकू काय येणार?

दिवाळीला आले तर दुकानात बाकावर स्टोव्ह मांडलेले. पितळी स्टोव्ह, पंप, पिना. बंदुकीचा परवाना तुम्ही परत करून टाकला होतात. मला कुणी कळवलं नव्हतं. मी काही बोलायच्या आत तुम्हीच म्हणालात, "स्टोव्हचं बरं असतंय. पेटलाय का न्हाई ते डोळ्यांनी दिसतंय." आणि हसलात. चुकीची चक्री तुम्ही कुणाच्या हातात दिली असती तर कुणाला कळलंही नसतं, निदान लगेच तरी नाही. अंदाजानं काम करणारे कितीतरी असतात. तुम्ही स्टोव्ह घेतलेत. मी परसात जाऊन तोंडात पदर कोंबून रडले. तुमच्यापुढं रडायलाही हरकत नव्हती खरं तर, ऐकू आलंच नसतं. पण तुम्ही बघितलं असतंत.

हे पत्र कुठं टाकायचं नाही, घरात कुणाला दाखवायचंही नाही. फक्त ती सकाळ तेवढी लिहिते. नोकरीवर रुजू व्हायला निघाले होते. साताऱ्याचा एसटी स्टँड, सांगलीची गाडी लागलेली, तुम्ही माझी ट्रंक टपावर चढवून खाली उतरलात आणि धापा टाकत शर्टाच्या बाहीनं घाम पुसत होतात. मी तुमच्या शेजारी उभी राहून काहीतरी बोलले. तुम्ही "आँ?" करून वाकलात. मी ओरडले, "औषध वेळेवर घ्या म्हटलं!" तुम्ही म्हणालात, "व्हय व्हय, घेतो."

आबा, मी ते म्हणाले नव्हते. मी म्हणाले होते, "मला नाही जायचं. आपण दोघं दुकान चालवू." ओरडून म्हटलं असतं तर तुम्ही तिथल्या तिथं टपावर चढून ट्रंक खाली काढली असतीत, आणि आपलं दुकान राहिलं असतं. मला ते पक्कं ठाऊक होतं. म्हणूनच हळू म्हणाले. मला जायचंही होतं, आबा.